मेंढीकोट: स्पर्धेसाठी एकच नियमावली हवी आहे

उतारी
गणेशोत्सवात सोसायटीत मेंढीकोट या पत्त्यांच्या खेळाची स्पर्धा घ्यायचं घाटतंय. १६ जोड्या नक्की. पैसे नाहीत, एक ढाल आणि श्रीखंडाचा डबा. अडचण एवढीच की नागपूर, कोल्हापूर, इंदूर, डोंबिवली सगळीकडची माणसं आहेत आणि प्रत्येकाचा 'खरा' मेंढीकोट वेगळा. एका कागदावर मावतील असे नियम लिहून भिंतीवर लावायचे आहेत.

ज्यावर भांडण नाही ते आधी लिहिते. चौघे, भिडू समोरासमोर. ५२ पानं, जोकर बाहेर. एक्का सर्वांत भारी, मग राजा, राणी, गुलाम, दश्शी आणि खाली दुर्रीपर्यंत. वाटताना आधी पाच-पाच, मग दोनदा चार-चार. उतारीचा, म्हणजे फेरीतल्या पहिल्या पानाचा, रंग हातात असेल तर द्यायचाच. नसेल तर हुकूम (बाकी रंगांवर भारी पडणारा रंग) मारा नाहीतर दुसरं काही टाका. हात, म्हणजे चार पानांची फेरी, जो करेल त्याची पुढची उतारी. चार दश्श्या म्हणजे चार मेंढ्या. तीन किंवा चार ज्यांच्याकडे, डाव त्यांचा. दोन-दोन झाल्या तर सात हात करणारे जिंकले. चारही मेंढ्या एकीकडे गेल्या की कोट, तेराच्या तेरा हात गेले की बावन्नी.

आता वादाचे मुद्दे: हुकूम कसा ठरवायचा, विचारलेला हुकूम मारायलाच हवा का, पान असून न दिल्यास दंड काय, पुढचा डाव कोणी वाटायचा, आणि मुलांच्या गटात सहा-आठ जण एकत्र बसले तर काय.

बिनहुकमी
वाटायचं उजवीकडून की डावीकडून तेही लिहा. नाहीतर पहिल्याच डावाला खुर्च्या उचलल्या जातील.

उतारी
उजवीकडून. वाटणाऱ्याच्या उजव्या हाताचा पहिली उतारी करेल. हे ठरलं, आता यावर कोणी बोलू नये.

धोंडूतात्या
डावीकडून.

किल्वर_कट्टा
हुकमाचं आधी मिटवा, बाकी सगळं त्याच्यावर लटकतं. मुख्य पद्धती दोन.

बंद हुकूम: वाटणाऱ्याच्या उजवीकडचा आपली १३ पानं बघून एक पान पालथं टेबलावर ठेवतो. त्या पानाचा रंग हुकूम, पण तो फक्त त्यालाच माहीत. एखाद्याकडे उतारीचा रंग संपला की तो म्हणतो 'हुकूम खोला'. मग पान उलटं करून सगळ्यांना दाखवायचं आणि ठेवणाऱ्याने ते हातात घ्यायचं. खोलण्याआधी त्या रंगाचं पान दुसऱ्या रंगावर पडलं असेल तर ते नुसतं वाया गेलेलं पान, त्याने हात होत नाही.

कट हुकूम: सुरुवातीला हुकूमच नाही. ज्याच्याकडे उतारीचा रंग पहिल्यांदा नसेल तो जे पान टाकेल त्याचा रंग हुकूम, त्या हातापासूनच.

बंद हुकमात एका माणसाला माहिती आहे आणि बाकी तिघे अंदाज बांधतायत. ही गंमत आहे, पण स्पर्धेला ते गोत्याचं होतं, कारण बंद हुकमाचे पोटनियम फार. तेच लिहायला बसलात तर अर्धा कागद भरेल.

हळद्या
पोटनियम फार नाहीत, तीनच आहेत, आणि ते न लिहिल्यामुळे लोक भांडतात.

एक. पालथं पान हातात धरायचं नाही. म्हणजे ठेवणाऱ्याच्या हातात १२ पानं. समजा त्याने चौकटची तिर्री ठेवली आणि हातात दुसरं चौकट उरलंच नाही. आता चौकटची उतारी झाली. इथे त्याने स्वतः हुकूम खोलून तीच तिर्री द्यायची. 'माझ्याकडे चौकट नाही' म्हणून दुसरं पान टाकणं बाद.

दोन. रंग संपलेल्या माणसावर हुकूम विचारायची सक्ती नाही. नको असेल तर गुपचूप हलकं पान टाकावं. पण विचारला आणि हातात हुकूम असला तर त्याच हाताला मारलाच पाहिजे. हे नसेल तर लोक नुसती माहिती काढायला हुकूम खोलतात आणि निवांत दुर्री फेकतात.

तीन. कोणीच विचारलं नाही तर शेवटच्या हाताला ठेवणाऱ्याकडे तेच एक पान उरतं. ते हुकूम म्हणूनच पडतं.

आणि पालथ्या पानावर पाण्याचा पेला ठेवा. वाऱ्याने उलटं झालेलं पान आणि 'वाऱ्याने' उलटं झालेलं पान यात फरक करता येत नाही.

सान्वी_ठाणे
पेला नको, पत्ते भिजतील. पेपरवेट.

गणिती_दुर्री
मेंढ्यांची वाटणी कशी होते ते आकड्यांत बघा, म्हणजे गुण ठरवायला बरं. समोरासमोरच्या दोघांची मिळून २६ पानं. वाटल्यावर दश्श्या दोन-दोन विभागलेल्या असण्याची शक्यता ३९ टक्के. तीन-एक, कुठल्याही बाजूने, जवळपास ५० टक्के. चारही एकाच बाजूला ११ टक्के, म्हणजे तुमच्याच बाजूला साडेपाच.

याचा अर्थ आयता कोट क्वचित येतो. बहुतेक कोट समोरच्या जोडीकडून निदान एक मेंढी ओढूनच होतात, वर आपल्या मेंढ्या सांभाळायच्या त्या वेगळ्याच. म्हणून कोटाला साध्या डावाच्या दुप्पट गुण द्यायला काहीच हरकत नाही.

तिर्रीबहाद्दर
आणि आयत्या चार दश्श्या येऊनही तीन घालवणारे भिडू असतात, त्यांची टक्केवारी काढा.

गणिती_दुर्री
त्याला टक्केवारी लागत नाही, नाव पुरतं.

इस्पिकवाली
किल्वर_कट्टा, कट हुकूम सोपा आहे म्हणून स्पर्धेला बरा असं सुचवताय का? त्यात पहिली दोन-तीन पानं काय उतरायची हेच मोठं कसब आहे. माझ्या मते कटच घ्या, पण सोपा म्हणून नको.

कटमध्ये हुकूम ठरवण्याचा हक्क ज्याचा रंग आधी संपेल त्याचा. म्हणून एकटं पान असलेल्या रंगाची उतारी आधी करायची. किल्वरची फक्त सत्ती असेल तर ती पहिल्याच हाताला बाहेर. पुढच्या वेळी कोणीही किल्वर उतरला की तुम्ही तुमच्या लांब रंगातलं छोटं पान टाकून त्याचा हुकूम करता, आणि तो हातही बहुधा तुमचाच.

उलट बाजूने: पहिल्या उतारीला समोरच्याने, म्हणजे विरुद्ध जोडीतल्या कोणी, सत्ती, अट्ठीसारखं बिनकामाचं पान काढलं तर समजा की तो एकटा आहे. हात तुमच्याकडे आला की तो रंग परत उतरू नका. नवे खेळाडू नेमकं हेच करतात. त्याच रंगाचा राजा हातात असतो, तो वाजवायचा मोह होतो, आणि हुकूम समोरच्याच्या घशात.

मेंढी हातात आहे आणि तो रंग दोनच पानांचा आहे, तर मात्र रंग संपवायची घाई नको. मेंढीच आधी पडायची वेळ येते.

हळद्या
पटलं, पण एक गोची आहे. ज्याचा रंग आधी संपेल त्याचा हुकूम होतोच, त्याची इच्छा असो वा नसो. हातात तीन रंगांची सारखीच भंगार पानं असली तरी काहीतरी टाकावंच लागतं आणि तो हुकूम होतो. काही ठिकाणी 'हुकूम करतो' असं बोलल्याशिवाय होत नाही असंही खेळतात. कागदावर स्पष्ट लिहा.

उतारी
लिहिते: बोलायची गरज नाही, पडलेलं पान म्हणजे हुकूम.

माळव्यातला
आमच्या इंदूरकडे 'देहला पकड' नावाने हाच खेळ चालतो, पण हात उचलायची तऱ्हा वेगळी. एक हात जिंकला म्हणून पानं उचलायची नाहीत. ती मध्येच राहतात. सलग दोन हात एकाच माणसाने केले की मधला सगळा ढीग त्याचा. त्यामुळे मेंढी मध्ये पडली तरी ती कोणाची हे ठरायला दोन-तीन हात जातात, आणि ढिगात दोन मेंढ्या साचल्या की टेबलावर कोणी चहालाही हात लावत नाही.

बिनहुकमी
मग भिडूने केलेला हात पण मोडावा लागत असेल?

माळव्यातला
नाही, मोडायचा नसतो, हीच तर मेख. सलग दोन हात *त्याच* माणसाचे हवेत, जोडीचे नव्हे. भिडूने पहिला हात केला असेल तर दुसराही त्यालाच करू द्यायचा. तुमच्याकडे एक्का असला तरी आवरायचा.

उतारी
फार छान, पण स्पर्धेत नको. एका रात्रीत संपवायचं आहे.

मेंढपाळ
नव्या लोकांसाठी कोणी मेंढी कशी चढवायची, म्हणजे भिडूच्या हातावर आपली दश्शी कशी टाकायची, ते लिहीत नाहीये, सगळे कायद्याचाच काथ्याकूट करतायत. तेव्हा घ्या.

मेंढी चढवायची सर्वांत सुरक्षित जागा चौथी. तीन पानं पडली, भिडूचं पान भारी आहे, तुमची पाळी शेवटची. रंग जुळत असेल तर दश्शी द्या, रंग नसेल तर दुसऱ्या रंगाची दश्शीही टाकता येते. यात धोका शून्य.

तिसऱ्या जागेवर विचार करा. भिडूने बदाम एक्का उतरला, दुसऱ्याने बदाम दिला, तुमच्याकडे बदाम दश्शी आणि आणखी दोन बदाम. चौथ्याकडे बदाम नसेल तर तो कापेल आणि मेंढी गेली. बदाम पहिल्यांदाच उतरत असेल तर बिनधास्त द्या. दुसऱ्या फेरीला, भिडू राजा उतरल्यावर, तीच दश्शी देणं बऱ्यापैकी धोक्याचं होतं. गणिती_दुर्री आकडा सांगतीलच.

दुसरी जागा म्हणजे आत्महत्या. पुढे दोघे बसलेत.

समोरच्याची मेंढी ओढायची असेल तर त्या रंगाची वरची पानं सलग उतरायची. एक्का, राजा, राणी तुमच्याकडे असतील आणि समोरच्याकडे दश्शीसह तीनच पानं, तर तिसऱ्या उतारीला दश्शी पडणारच, हुकूम मध्ये आला नाही तर. म्हणून ओढायच्या आधी हुकूम काढून घ्या: हुकमाचा एक्का-राजा उतरून समोरच्यांचे हुकूम पाडा, मग रंग ओढा. हुकूम न काढता राणीपर्यंत पोचणारे लोक राणीवर दुर्रीचा हुकूम खातात आणि नशिबाला बोल लावतात.

हुकमाच्या मेंढीला वेगळा न्याय. तिच्यावर एक्का, राजा, राणी, गुलाम चारही बसू शकतात, म्हणून ती हातात दाबून ठेवण्यात अर्थ नाही. दुसऱ्या रंगाच्या उतारीला तुमच्याकडे तो रंग नसेल आणि तुमची पाळी चौथी असेल तर हुकमाच्या दश्शीनेच कापा. हातही तुमचा, मेंढीही घरात. हे करायची संधी डावात एकदाच येते आणि बरेच जण तिथे हुकमाची तिर्री मारून स्वतःची पाठ थोपटतात.

गणिती_दुर्री
मेंढपाळ यांच्या उदाहरणाचे आकडे: तुमच्याकडे तीन बदाम, एक्का आणि दुसऱ्याचं पान खाली. उरलेले आठ बदाम तिघांत कुठेही. चौथ्याकडे एकही नसण्याची शक्यता साधारण २ टक्के. पहिल्या फेरीला सगळ्यांनी बदाम दिले आणि दुसऱ्या फेरीला भिडूने राजा काढला, तर बाहेर पाचच उरतात आणि चौथ्याकडे नसण्याची शक्यता साडेनऊ टक्क्यांच्या घरात जाते. तिसऱ्या फेरीचं विचारू नका.

दुसरं. लांब रंग म्हणजे सुरक्षित रंग हा गैरसमज आहे. तुमच्याकडे त्या रंगाची चार पानं असतील तर बाकी तिघांपैकी कोणाकडे तरी तो रंग अजिबात नसण्याची शक्यता ४ टक्क्यांच्या आसपास. तुमच्याकडे सात असतील तर तीच २१. सात पानी रंगाचा एक्का उतरून 'हा तरी माझा' म्हणणाऱ्याला पाचात एकदा कात्री लागते, कधी ती भिडूचीच असते एवढाच दिलासा.

तिर्रीबहाद्दर
हे सगळं पानं नीट पिसलेली असतील तर ना?

गणिती_दुर्री
बरोबर पकडलंत. मेंढीकोटात बरेच हात एकाच रंगाच्या चार पानांचे असतात, ते गठ्ठे तसेच एकावर एक पडतात, आणि वर पाच-चार-चार अशी वाटणी. दोनदा वरवर पिसलं की एकाला सात चौकट, दुसऱ्याला शून्य हे ठरलेलं. बायर आणि डायकोनिस या दोघा गणितज्ञांनी १९९२ मध्ये दाखवलं की कॅटचे (पत्त्यांच्या गड्डीचे) दोन भाग करून अंगठ्यांनी एकमेकांत सोडत पिसलं तर ५२ पानं नीट मिसळायला साधारण सात वेळा लागतात. आपण हातात धरून वरून खाली ढकलत पिसतो, त्याने तर कितीतरी जास्त वेळा करावं लागेल. सोपा उपाय: सगळी पानं टेबलावर पालथी पसरून अर्धा मिनिट दोन्ही हातांनी ढवळा, मग गोळा करून चारदा पिसा, आणि वाटणाऱ्याच्या डावीकडच्याला कापायला द्या.

धोंडूतात्या
पिसण्यात मजा गेली तर खेळायचं कशाला. एकतर्फी पानं आली की कापाकापी रंगते.

इस्पिकवाली
घरी रंगू दे, तात्या. ढालीसाठी नको.

ओवी_मडगाव
पावसाळ्याचे दिवस आहेत, कागदी कॅट घेऊ नका. दमट हवेत कडा फुगतात, दोन पानं चिकटतात आणि कोणाला तरी १४ जातात. प्लास्टिकचे घ्या आणि प्रत्येक फेरीआधी वाटणाऱ्याने ५२ मोजा. कोपरा दुमडलेलं एक पान जरी असलं तरी तो कॅट बाद करा. दुमडलेली नेमकी दश्शीच असते.

किल्वर_कट्टा
दंडाबद्दल. पान असून न देणं सापडतं तेव्हा बहुधा तीन-चार हात उलटलेले असतात. म्हणून दोन गोष्टी सक्तीच्या करा. जिंकलेला प्रत्येक हात आधीच्यावर आडवा-उभा ठेवायचा, म्हणजे मागचा कुठलाही हात जसाच्या तसा काढून बघता येतो. मेंढ्या मात्र ढिगात न घालता उघड्या बाजूला लावायच्या. सगळ्यांना दिसतं किती झाल्या, 'दोन झाल्या की तीन' हा वाद राहत नाही. मेंढीच्या जागी त्या हातात एक आगपेटीची काडी ठेवा, तपासायला बरं.

दंड असा: पुढची उतारी व्हायच्या आत लक्षात आलं तर पान बदलून द्यावं, पण चुकून टाकलेलं पान टेबलावर उघडं राहील आणि पहिल्या संधीला तेच टाकावं लागेल. पुढची उतारी होऊन गेली असेल तर डाव तिथेच थांबवा आणि समोरच्यांना कोट द्या.

हळद्या
थेट कोट जरा जास्त होतोय. आजोबांना चष्म्यातून इस्पिक आणि किल्वर सारखेच दिसतात.

किल्वर_कट्टा
म्हणूनच पहिली सूट ठेवलीय. आणि दंड हलका ठेवला की तरुणांनाही किल्वर दिसेनासे होतात.

सान्वी_ठाणे
खाणाखुणांचं काय? खोकला म्हणजे हुकूम आहे, कान खाजवला म्हणजे एक्का…

मेंढपाळ
तोंडाने, हाताने, भुवईने काहीही बाद. पानाने बोललेलं चालतं. हुकूम संपलाय आणि उतारीचा रंगही नाही, अशा वेळी तुम्ही जे पान फेकता त्यातून भिडूला कळतं. बऱ्याच जोड्या ज्या रंगाचा एक्का आहे त्यातलं छोटं पान आधी फेकतात. हे चालतं, कारण ते समोरच्यांनाही दिसतं. अट एकच: विचारलं तर 'आमच्यात याचा अर्थ असा' हे सांगायचं.

तिर्रीबहाद्दर
नवरा-बायकोची जोडी असेल तर भुवईबंदी कशी राबवणार?

इस्पिकवाली
त्यांना समोरासमोर बसवलं की आपोआप भांडतात, खूण करायला वेळ राहत नाही.

पुलावरचा
मी ब्रिज खेळतो, म्हणून एक सुचवतो. नशीब बाहेर काढायचं असेल तर तोच डाव दोन टेबलांवर खेळवा. पानं मध्ये न टाकता प्रत्येकाने आपल्यासमोर ठेवायची. हात आपल्या जोडीने केला तर पान उभं, नाही तर आडवं. डाव संपला की प्रत्येकाची तेरा पानं वेगवेगळ्या पाकिटात, पाकिटांवर उ, पू, द, प. पाकिटं दुसऱ्या टेबलावर जातात आणि तिथली विरुद्ध दिशेची जोडी तीच पानं खेळते. मेंढी कोणाकडे गेली ते एका चिठ्ठीवर लिहा. कट हुकूमच घ्या, म्हणजे ठेवलेलं पान कुठलं होतं ही नोंद करावी लागत नाही.

उतारी
१६ जोड्यांना हे समजावण्यात विसर्जन होईल. पण अंतिम सामन्याला करून बघता येईल.

कुडाळकर
एक अवांतर. सावंतवाडीच्या दशावतारी गंजिफेत १० रंग आणि १२० गोल पानं असतात, खेळणारे बहुधा तिघे. तिथे निम्म्या रंगांत दहा आकड्याचं पान राजा-वजिराखालोखाल भारी आणि उरलेल्या निम्म्यांत तेच सर्वांत हलकं. मेंढीकोट तसा खेळून बघा, म्हणजे इस्पिक-किल्वरच्या दश्श्या भारी आणि लाल दश्श्या दुर्रीच्याही खाली. डोकं फिरतं.

बिनहुकमी
तात्यांना सांगू नका, ते तसंच खेळायला लागतील.

धोंडूतात्या
लाल दश्शी दुर्रीखाली असेल तर ती ओढायला सोपी होईल की. खेळ बिघडेल. उगाच काहीतरी.

ओवी_मडगाव
तात्यांचा मुद्दा खरा आहे हो.

पंजीछक्की
सहा-आठ जणांचं राहिलं. सहा जण असतील तर तीन-तीनच्या दोन बाजू, एकाआड एक बसवा. चारही दुर्र्या काढा, ४८ उरतात, प्रत्येकी आठ, चार-चार करून वाटा. लक्षात ठेवायचं एकच: रंगात १२ पानं आणि माणसं सहा, म्हणजे सरासरी प्रत्येकाकडे दोन. दुसऱ्या फेरीलाच कापाकापी सुरू. चौघांच्या सवयीने दुसऱ्या उतारीला मेंढी चढवली की गेली.

आणि खरी पंचाईत: हात आठ, मेंढ्या चार. मेंढ्या दोन-दोन आणि हातही चार-चार झाले तर? चौघांत १३ हात असल्याने हे होऊच शकत नाही, इथे होतं.

हळद्या
डाव रद्द, त्यानेच परत वाटायचं.

इस्पिकवाली
रद्द नको. शेवटचा आठवा हात ज्यांचा, डाव त्यांचा. मग शेवटपर्यंत एक हुकूम राखून ठेवायला कारण मिळतं आणि शेवटचे दोन हात जिवंत राहतात.

पंजीछक्की
हे छान आहे, घ्या.

आठ जणांना दोन कॅट. १०४ पानं, प्रत्येकी १३, मेंढ्या आठ, चार-चारच्या बाजू. पाच मेंढ्यांना डाव, चार-चार झाल्यास सात हात, आठही म्हणजे कोट. रंगाची सरासरी प्रत्येकाकडे सव्वातीन पानं, म्हणजे चौघांच्या खेळाइतकीच, त्यामुळे अंदाज तेच चालतात. फरक एक्क्यात. एकाच हाताला दोन इस्पिक एक्के पडले तर कोणाचा हात? आधी पडलेला भारी धरला तर खेळ ओळखीचा राहतो. नंतर पडलेला भारी धरला तर एक्क्यावर मेंढी चढवायलाही भीती वाटते. मुलांच्या गटाला दुसरा नियम द्या, त्यांना आरडाओरडा आवडतो.

दोन्ही कॅटच्या पाठी एकाच रंगाच्या आणि नक्षीच्या असू द्या. एक निळा, एक लाल घेतला तर एका कॅटचा हुकूम-एक्का पडल्यावर उरलेला कोणत्या पाठीचा हे सगळ्यांना कळतं आणि समोरच्याच्या पंख्यात ती पाठ शोधत बसतात.

सान्वी_ठाणे
पाच जण आले तर?

पंजीछक्की
पाचव्याला गुण लिहायला बसवा. पाच जणांत मेंढीकोट होत नाही, जजमेंट खेळा. तिघे असतील तर पाच-तीन-दोन: सगळ्या अट्ठीच्या वरची पानं, अट्ठीही धरून, अधिक दोन सत्त्या. तीस पानं, प्रत्येकी दहा.

मेंढपाळ
हुकूम मोजण्याबद्दल एकच सांगतो आणि थांबतो. पडलेले मोजू नका, बाहेर उरलेले मोजा. हातात पाच असतील तर बाहेर आठ. कोणी मारला की सात, सहा. स्वतः मारलेला मोजायचाच नाही. आकडा शून्य झाला की तुमच्या हातातले सगळे हुकूम म्हणजे हात. डोक्यात तेरा रकाने भरणाऱ्यांपेक्षा हे कितीतरी सोपं.

उतारी
सगळ्यांचे आभार. मसुदा असा झालाय:

कट हुकूम. पहिलं पडलेलं वेगळ्या रंगाचं पान म्हणजे हुकूम, बोलायची गरज नाही. वाटणी आणि खेळ उजवीकडून. पत्ते ढवळून चारदा पिसायचे, डावीकडच्याने कापायचं, प्लास्टिकचे कॅट. हात आडवे-उभे, मेंढ्या उघड्या, मेंढीच्या जागी काडी. दंड किल्वर_कट्टा यांचाच. हरलेल्या बाजूने वाटायचं: वाटणारा हरला तर परत तोच, बावन्नी खाल्ली तर त्याचा भिडू, वाटणारे जिंकले तर वाटणी उजवीकडे. साधा डाव १ गुण, कोट २, बावन्नी ३. आधी ७ गुण करणारी जोडी पुढे. सहा जणांत आठव्या हाताचा नियम.

गणिती_दुर्री
सात गुण म्हणजे कमीत कमी तीन डाव, जास्तीत जास्त तेरा. एका डावाला सहा मिनिटं धरली तर सामना सव्वा-दीड तासाच्या आत. १६ जोड्यांचे १५ सामने. चार टेबलं असतील तर पहिली फेरी दोन खेपांत, मग चार सामने एकदम, मग दोन, मग अंतिम. एका रात्रीत बसणार नाही, दोन रात्री धरा.

इस्पिकवाली
पाच गुणांवर आणा, मग बसेल. पाचला जास्तीत जास्त नऊ डाव.

उतारी
पाच केले. अंतिम सामना सात.

हळद्या
एक राहिलं. कटमध्ये हुकूम झालाच नाही तर? म्हणजे तेरा हातांत कोणाचाच रंग चुकला नाही.

गणिती_दुर्री
होणार नाही. रंग कोणाचाच चुकायला नको असेल तर प्रत्येक हाताला एकाच रंगाची चार पानं जायला हवीत, आणि रंगात पानं तेरा. तेराला चारने भाग जात नाही. प्रत्येक रंगाचे जास्तीत जास्त तीन पूर्ण हात, चार रंगांचे बारा. तेराव्या हाताला चार रंगांचं एकेक पान उरतं, म्हणजे उतारी करणाऱ्याच्या उजवीकडच्याचा हुकूम.

तिर्रीबहाद्दर
आणि त्या हाताला उजवीकडच्याचा हुकूम म्हणजे हातही त्याचाच. तात्या, बघा, उजवीकडून खेळायचा फायदा.

धोंडूतात्या
डावीकडून खेळलं असतं तर तो डावीकडच्याला मिळाला असता. मी गुण लिहायला बसतो. पेन कोण आणतंय?